नागोजीचा पत्रा

रवळूच्या स्लॅबवर सोलरच्या सहा काळ्या पाट्या चढल्या, त्या दिवशी नागोजी जेवला नाही. पोट बिघडलंय, असं त्याने घरात सांगितलं. अंबुबाईने ते मुकाट ऐकून घेतलं. नवऱ्याचं पोट कधी आणि कशाने बिघडतं, हे तिला तेहतीस वर्षांच्या संसारात चांगलं ठाऊक झालं होतं. रवळूने बुलेट आणली तेव्हा ते बिघडलं होतं. रवळूचा मुलगा पुण्याला नोकरीला लागला तेव्हा तर दोन दिवस नुसत्या ताकावर निघाले होते.

"थोडा ताक-भात तरी खावा की," ती म्हणाली.

"नगं म्हटलं न्हवं?"

"तुमी उपाशी बसलासा म्हणून रवळूभावजी पाट्या उतरवून ठेवणार न्हाईत."

नागोजी उठून परड्यात गेला. पण परड्यातूनही त्या पाट्या दिसतच होत्या. उन्हात अशा चमकत होत्या की डोळ्यांवर हात धरावा लागत होता.

नागोजी आणि रवळू हे सख्खे चुलतभाऊ. नागोजी अडीच महिन्यांनी मोठा. येळ्ळूरच्या मराठी शाळेत दोघे एका बाकावर बसले, उद्यमबागेतल्या एकाच फाउंड्रीत एकाच वर्षी लागले. पुढे रवळू तपासणी खात्यात गेला आणि खुर्चीवर बसला. नागोजी अखेरपर्यंत साच्यांच्या काळ्या वाळूतच राहिला. गेल्या वर्षी दोघेही निवृत्त झाले. निरोपाच्या कार्यक्रमात नागोजीला शाल मिळाली. रवळूला शाल आणि भिंतीवरचं घड्याळ.

आजोबांचं घर मुळात एकच होतं. वाटणीत मधोमध भिंत पडली. उत्तरेचा भाग रवळूच्या वडिलांकडे, म्हणजे थोरल्या आप्पांकडे गेला, दक्षिणेचा नागोजीच्या वडिलांकडे. रवळूने आपला भाग पाडून स्लॅबचं घर बांधलं. वर मजला चढवायचा होता, तो राहून गेला, पण त्यासाठी सोडलेल्या सळ्या अजून आकाशाकडे बोट दाखवून उभ्या होत्या. नागोजीने माकडांनी फोडलेली कौलं काढली आणि निळा पत्रा घातला. रवळूच्या गच्चीवरून नागोजीचा सगळा पत्रा दिसे. नागोजीच्या दारातून रवळूच्या गच्चीची फक्त कड दिसे. ह्या गोष्टीचा त्याला जेवढा त्रास होई तेवढा उन्हाळ्यात पत्रा तापण्याचाही होत नसे.

वाटणीत सगळं निम्मं-निम्मं झालं होतं, विजेचा मीटर मात्र एकच होता, आणि तो नागोजीच्या भिंतीवर होता. नाव होतं थोरल्या आप्पांचं, भरमाण्णा. रवळूने नव्या घराला आपल्या नावाने नवा मीटर घेतला. जुना नागोजीकडे तसाच चालू राहिला. थोरले आप्पा जाऊन चौदा वर्षं झाली, तरी दर महिन्याला मीटर वाचणारा पोरगा दारात उभा राहून "भरमाण्णा!" अशी हाक मारी आणि नागोजी "ओ" देऊन बिल घेई.

ते बिल अलीकडे फार फुगायला लागलं होतं. सरकारने घरगुती वीज फुकट केली होती, पण दोनशे युनिटांच्या आत असेल तरच. दोनशेच्या वर एक युनिट गेलं की सगळं बिल बोडक्यावर. नागोजीची सून पूर्णिमा घरात ब्लाउज शिवायची. दोन मोटारीची मशिनं, इस्त्री, फ्रिज आणि तापलेल्या पत्र्याखाली दिवसभर गरगरणारे तीन पंखे. लग्नसराईत दोनशेचा आकडा विसाव्या दिवशीच मागे पडे. मुलगा आदर्श उद्यमबागेतच एका कारखान्यात होता. त्याने छपरावर सोलर बसवायचं काढलं आणि नागोजीला ते एकदम पटलं. वीज वाचेल म्हणून पटलं हे खरं, पण गल्लीत पहिलं सोलर आपलं असेल, हे त्याहून जास्त पटलं.

त्याने अर्ज केला नऊ जूनला. रवळूने केला वीस जूनला, नागोजीचं बघून. आणि ऑक्टोबरात पाट्या चढल्या त्या रवळूच्या.

सोलरचं काम तसं सरळ नव्हतं. पाट्या बाजारात मिळत, अनुदान दिल्लीहून येई, पण परवानगी देणार वीज कंपनी. जाणारी आणि येणारी वीज मोजणारा मीटर घ्यायचा तोही कंपनीच्या यादीतल्या दुकानातूनच, आणि त्या दुकानात तो कधी नसायचाच. आपल्या छपरावरची वीज कंपनी आपल्याकडून कमी दराने घेणार आणि जास्त दराने शेजाऱ्याला विकणार, हेही होतंच. दुसऱ्या कुणाकडे जावं म्हटलं तर दुसरं कोणी नाही. तारा तिच्या, खांब तिचे. शिवाय खांबावरचा ट्रान्सफॉर्मर, ज्याला सगळे टीसी म्हणत, तो किती घरांचं सोलर पेलू शकतो याचं गणित कंपनीच्या पोटात. ते ती कुणाला सांगत नसे. एवढंच कळलेलं की जागा मोजकी आहे आणि जो आधी पोचेल त्याला मिळेल. त्यामुळे कंपनीवर रागवायचं सोडून गल्ली एकमेकांच्या छपरांकडे बघायला लागली.

ऑगस्टात नागोजी शहरातल्या करंट हापिसात चौकशीला गेला होता. खिडकीत एक नवा कारकून होता, रायचूरकडचा. त्याला मराठी येत नव्हतं. नागोजीला कन्नड येत होतं, पण यायचं नव्हतं. सीमाभागातली एक नोव्हेंबरची निषेधफेरी त्याने उभ्या आयुष्यात चुकवली नव्हती, तरुणपणी सीमालढ्याच्या मोर्चात पाठीवर लाठी घेतली होती, आणि कन्नड अक्षर डोळ्यांपुढे आलं तरी वाचायचं नाही हा त्याचा चाळीस वर्षांचा नेम होता. फाउंड्रीत बारा गावच्या कामगारांत राहून कानाला कामापुरतं कळे, तेवढंच.

"माझ्या अर्जाचं काय झालं? मराठीत सांगा," तो म्हणाला.

कारकुनाने कागद उलटले आणि कंटाळून म्हणाला, "निम्दु पत्र इल्री."

'पत्र' मधला शेवटचा अ त्याने आपल्या पद्धतीने असा लांबवला की नागोजीच्या कानावर 'पत्रा'च आदळला. पत्रा इल्ला. पत्रा नाही. पत्र्याला नाही. कारकुनाने एका चिठ्ठीवर कन्नडमध्ये चार ओळी लिहून ती पुढे सरकवली आणि आणखी काही सांगायला तोंड उघडलं, पण नागोजीने हात वर केला.

"कळलं. एवढं कानडी कळतंय आमाला."

घरी येताना बसमध्ये त्याला सगळं जुळत गेलं. मागच्याच आठवड्यात कंपनीचा माणूस घरं बघायला आला होता. रवळूच्या गच्चीवर चहा पीत उभा होता. दोघांनी खाली वाकून नागोजीच्या पत्र्याकडे पाहिलं होतं आणि हसले होते. म्हणजे रवळूनेच सांगितलं असणार. पत्र्यावर काय सोलर बसतंय साहेब, वाऱ्यानं उडून राजहंसगडावर जाऊन पडायचं. हे वाक्य रवळूच्या आवाजात त्याला इतकं स्पष्ट ऐकू आलं की ते कुणी बोललंच नव्हतं, हे त्याच्या लक्षात आलं नाही.

चिठ्ठी त्याने देवाच्या तसबिरीमागे खोचून ठेवली. पूर्णिमा चिकोडीकडची, कन्नड शाळेत शिकलेली. तिला दाखवली असती तर दोन मिनिटांत उलगडा झाला असता. पण सुनेने वाचून सांगायचं आणि सासऱ्याने ऐकायचं, तेही कन्नड, हे त्याला जमण्यासारखं नव्हतं.

रवळूच्या पाट्या चढल्यावर नागोजीचे दिवस त्या पाट्यांकडे बघण्यात जाऊ लागले. सकाळी त्यांच्यावर ऊन कधी येतं, रवळू फोनमध्ये युनिटं कधी बघतो, हे त्याला रवळूच्या बायकोपेक्षा जास्त माहीत झालं. एकच दिवस त्यातल्या त्यात बरा गेला. भर दुपारी वीज गेली. नागोजी पंख्याखालून उठून अंगणात आला आणि कान देऊन उभा राहिला. रवळूच्या घरातला टीव्हीही बंद पडला होता. डोक्यावर रणरणतं ऊन, सहा पाट्या झळझळताहेत, आणि आत पंखा नाही! कंपनीची वीज गेली की ह्या पाट्याही झोपतात, हे त्याला तेव्हा कळलं.

"अगं बाहीर ये," त्याने अंबुबाईला हाक मारली. "रवळ्या वारा घ्यायलाय पुठ्ठ्यानं!"

"मग तुमी कशानं घ्यायलाय?"

नागोजीच्या हातातही पुठ्ठाच होता. पण त्या दुपारी तो पोटभर जेवला.

इकडे गल्लीत अक्काताईंनी कंबर कसली होती. अक्काताई निवृत्त बालवाडी शिक्षिका. निम्म्या गावाला त्यांनी नाक पुसायला शिकवलेलं, त्यामुळे कुणाचीही भीड नाही. त्या तीनदा कंपनीच्या हापिसात जाऊन आल्या आणि एक गोष्ट वदवून घेऊन आल्या. टीसी मोठा बसवता येतो. मात्र एका टीसीवरच्या निदान वीस घरांनी एकत्र मागणी केली पाहिजे. गल्लीत घरं बावीस. अकरा स्लॅबची आणि अकरा पत्र्याची.

स्लॅबवाल्या अकरांनी सह्या केल्या. पत्रेवाल्यांपर्यंत अक्काताई पोचायच्या आधी नागोजी पोचला होता.

"पत्र्याला सोलर देत न्हाईत, मला हापिसातच तोंडावर सांगितलंय," तो प्रत्येक दारात सांगत सुटला. "मोठा टीसी कुणासाठी? स्लॅबवाल्यांसाठी. आपण फकस्त सही करायची, आन् त्यांच्या पाट्या बघत बसायच्या. व्हय का न्हाय?"

पलीकडच्या घरचा परशराम गवंडीकाम करायचा. दुसऱ्यांचे स्लॅब घालून घालून स्वतः पत्र्याखाली राहिलेला. त्याला ते चटकन पटलं. बाकीच्यांनाही पटलं. कुणी हापिसात जाऊन विचारलं नाही, कारण विचारायला लागणार कन्नडमध्ये, आणि उत्तर तर नागोजीने आणलेलंच होतं. पत्रेवाल्यांनी अर्जही केले नाहीत आणि सह्याही. नागोजीला बऱ्याच वर्षांनी कुणीतरी 'नागोजीअण्णा' म्हणू लागलं. ते त्याला आवडलं.

अक्काताई कागद घेऊन त्याच्या घरी आल्या.

"नागोजीराव, लेखी दाखवा. पत्रा चालत न्हाय असं कुठं लिवलंय?"

"हाय माझ्याकडं लेखी. येळ आली की दाखवीन."

"मग आताच दाखवा की. का मुहूर्त काढायचाय?"

"तुमी आदी रवळूला विचारा, सायबाला च्या पाजून काय सांगितलंय त्यानं."

अक्काताईंनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. "तुमी दोघं बालवाडीत माझ्याकडं असतासा तर एकाच कोपऱ्यात उभं केलं असतं," असं म्हणून त्या उठल्या. "कंपनीला हेच पायजे हाय. आपण छपरं मोजत बसायचं, ती आपल्याला मोजत बसणार."

मार्चमध्ये अक्काताईंच्या चिकाटीला यश आलं आणि कंपनीचे इंजिनिअर स्वतः गावात यायला कबूल झाले. गुरुवारी सकाळी अकराला समुदाय भवनात बैठक ठरली. एका बाजूला बाया, एका बाजूला पुरुष, आणि पुरुषांतही स्लॅबवाले पुढे, पत्रेवाले मागे. इंजिनिअर धारवाडचे, तरुण. मराठी बोलायचा मनापासून प्रयत्न करत होते. अक्काताईंनी टीसीचा विषय काढताच त्यांनी कागद बघून मान हलवली.

"मॅडम, अकराच सह्या आहेत. वीस पाहिजेत. अर्ध्या गल्लीला नको आहे, मी काय करू?"

नागोजी उठला. सात महिने जपून ठेवलेली चिठ्ठी खिशात होती.

"अर्ध्या गल्लीला पायजे हाय, साहेब! तुमीच देत न्हाय. पत्रेवाली मानसं न्हवंत काय? पत्र्यावर ऊन पडत न्हाय? का स्लॅबवाल्यांचा सूर्य येगळा हाय?"

मागून टाळ्या पडल्या. परशरामने शीळ घातली.

इंजिनिअर गोंधळले. "पत्र्याचं काय? मला अर्थ होईना. छपराशी आमचा संबंध नाही. पत्रा, स्लॅब, काय पण असू दे. पाट्यांचं वजन पेललं पाहिजे, बस. पत्र्यावर तर खर्च कमी येतो."

"आता फिरवू नगासा!" नागोजीचा आवाज चढला. "तुमच्या मानसानं लिवून दिलंय. हे बघा. पत्रा इल्ला!"

त्याने चिठ्ठी उंच धरली. ती पुढे सरकवताना वाटेत बायांची रांग लागली, आणि चिठ्ठी प्रथम पूर्णिमाच्या हातात आली. तिने सवयीने तिच्यावर नजर टाकली आणि तिचा चेहरा पडला. ती तशीच पुढे द्यायला निघाली, पण अक्काताई म्हणाल्या, "तूच वाच बाई. मोठ्यानं."

पूर्णिमाने सासऱ्याकडे पाहिलं. मग खाली मान घालून वाचलं, "ओप्पिगे पत्र इल्ल." आणि हळू आवाजात म्हणाली, "पत्रा न्हवं, मामा. पत्र. संमतीपत्र जोडलेलं न्हाय. मीटर भरमाण्णांच्या नावावर हाय, त्यांच्या वारसाचं संमतीपत्र आणून द्या, असं लिवलंय."

 भवनात हसण्याचा असा लोंढा फुटला की बाहेर बांधलेली म्हैस उठून उभी राहिली.

"सात महिने नुसता पत्रा बडवलास की रं, नागोजी!"

"चाळीस वर्सं कानडी वाचलं न्हाय, त्याचं फळ!"

सगळ्यांत मोठ्याने रवळू हसत होता. स्लॅबवाल्यांच्या पहिल्या रांगेत बसून मांडीवर थाप मारत होता. मग इंजिनिअरनी चिठ्ठी हातात घेऊन ग्राहकाचं पूर्ण नाव वाचलं. भरमाण्णा, पुढे बापाचं नाव, पुढे आडनाव, गाव येळ्ळूर. चौदा वर्षांत ते नाव असं चारचौघांत कुणी वाचलं नव्हतं. रवळूचं हसणं मधेच थांबलं.

नागोजी उभाच होता. बसायचं कसं हेही त्याला सुचत नव्हतं.

इंजिनिअरनी यादी तपासली. "आता आहे त्या टीसीवर तीन किलोवॅटची जागा उरली आहे. एका घराची. तुमचा अर्ज सगळ्यांत जुना. शनिवारपर्यंत पत्र द्या, तुम्हाला मिळेल. नाही दिलं तर पुढच्या नंबराला."

"वारस कोन?" मागून कुणीतरी मुद्दाम विचारलं.

सगळी गल्ली रवळूकडे बघायला लागली.

नागोजीच्या दारापासून रवळूच्या दारापर्यंत तेवीस पावलं. ती चालायला नागोजीला गुरुवारचा उरलेला दिवस आणि अर्धा शुक्रवार लागला. अंबुबाई म्हणाली, मी जाऊन आणते. आदर्श म्हणाला, काकांना मी विचारतो. नागोजी दोघांवर खेकसला. जगात एवढी माणसं, आणि ज्याच्यापेक्षा एकदा तरी वरचढ व्हायचं म्हणून हा खटाटोप केला, त्याच्याच सहीवाचून तो अडला होता. सोडून द्यावं असं दहादा मनात आलं. पण घरात पूर्णिमाच्या मशिनचा आवाज चालू होता. कालपासून ती सासऱ्याशी डोळा न मिळवता, जणू चूक तिचीच, अशी वावरत होती. शेवटी शुक्रवारी दुपारी तो उठला, टोपी घातली आणि गेला.

रवळू पडवीत बसून शेंगा फोडत होता.

"ये की. बस." त्याने शेंगांचं सूप पुढे सरकवलं. "काय पायजे? पत्र का पत्रा?"

नागोजीने ते गिळलं. "पत्र."

"सात महिने कुटं गेलतास?"

"तुला वाटतंय मी मागायला आलो म्हणून..."

"मागायलाच आलायस. मग सरळ माग की. अडीच महिन्यांनी थोरला हायस म्हणून माझ्याकडं मागायचंच न्हाय, असं कुटं लिवलंय काय?"

"तू त्या सायबाला माझ्या पत्र्याचं काय सांगितलंवतंस?" नागोजीने एकदाचं विचारलं. "हसलासा की दोगं. मी बगितलोय."

रवळू आठवू लागला. "तुझ्या पत्र्यावर मांजर झोपलंवतं. भाजायलेलं, एकेक पाय वर करायचं, पन उटायचं न्हाय. सायब म्हनला, कुणाचं रे हे. मी म्हटलं, ते बी नागोजीचंच. जागा सोडत न्हाय." त्याने एक शेंग फोडली. "त्याला हसलो."

नागोजीने टोपी काढून मांडीवर ठेवली. मांजर खरंच तसं झोपायचं.

रवळूने आतून कागद आणला. संमतीपत्र लिहून तयारच होतं, सही तेवढी नव्हती. पेन हातात घेऊन तो थांबला.

"एक सांगू? सोलर बसीव. पन मीटरवरचं नाव बदलू नगंस."

"का?"

"माज्या घरात आप्पांच्या नावाचं काय बी ऱ्हायलं न्हाय. उताऱ्यावर माझं नाव आलं, घर नवं बांधलं, रेशनकार्ड नवं. तुज्याकडं दर महिन्याला त्यो पोरगा येऊन भरमाण्णा म्हणून हाक मारतोय. माज्या पडवीत ऐकू येतंय मला." तो सही करताना कागदाकडेच बघत होता. "मी म्हणतोय, बापूस माझा, आन् हाक तुज्या दारात. ह्याला काय म्हणायचं?"

आता इथे नागोजीला भरून यायला हवं होतं. नंतर आलंही. पण त्या क्षणी त्याला पहिल्यांदा वाटला तो निखळ आनंद. रवळूकडे नाही असं काहीतरी आपल्याकडे आहे, आणि ते गेली चौदा वर्षं होतं! त्याने कागदाची घडी घातली, चार शेंगा उचलल्या आणि घरी आला.

शनिवारी पत्र पोचलं. महिनाभरात निळ्या पत्र्यावर सहा पाट्या बसल्या. आणि गंमत अशी की आयुष्यभर ज्याची वाट बघितली, ते हेवा करवून घेण्याचं सुख नागोजीला आठ दिवसही मानवलं नाही.

"बरं जमवलंस," परशराम त्याला वाटेत आडवा येऊन म्हणाला. "आमाला पत्र्याचं भ्या घालून मागं ठेवलंस, आन् शेवटची जागा सोता घेतलीस."

"अरं, मला खरंच तसंच वाटलंवतं."

"वाटलंवतं तर इचारायचं. सूनबाई घरातच हाय न्हवं?"

मागे दहा पत्रेवाल्यांची घरं होती. त्यांच्या अंगणातून जाताना आता कुणी 'नागोजीअण्णा' म्हणत नव्हतं. सगळे त्याच्या छपराकडे बघत, आणि ती नजर नागोजीला चांगली ओळखीची होती. सात महिने त्याने ती स्वतः वापरली होती.

चौथ्या दिवशी तो अक्काताईंकडे गेला. त्यांनी मागणीचा कागद पुढे ठेवला.

"पसरवलंत तुमी. गोळाबी तुमीच करा. आदी सोताची सही."

नागोजीने सही केली आणि दहा दारं हिंडला. प्रत्येक दारात आपली चूक आपल्या तोंडाने सांगितली, प्रत्येक दारात ऐकून घेतलं. परशरामने तीन चकरा मारायला लावल्या. शेवटी बावीस घरांच्या बावीस सह्या झाल्या, आणि ह्या वेळी कंपनीच्या खिडकीपाशी कागद द्यायला नागोजी पूर्णिमाला बरोबर घेऊन गेला. पोचपावतीवर जे लिहिलं होतं ते तिने तिथेच उभं राहून वाचून दाखवलं. मागच्या रांगेतल्या माणसाला ऐकू जाईल एवढ्या आवाजात. नागोजीने तिला थांबवलं नाही.

मोठा टीसी मेअखेरीस आला. दोन बाजूंच्या मीटरसाठी मात्र यादीतल्या त्या दुकानापुढे अक्काताईंना दोन दिवस चटई टाकून बसावं लागलं, पत्रेवाले आणि स्लॅबवाले सगळ्यांना घेऊन. मग गोदामात मीटर सापडले. परशरामचं छप्पर चौथ्या नंबरला झालं.

नागोजीचं सोलरचं पहिलं पूर्ण महिन्याचं बिल आलं, त्या सकाळी दारात "भरमाण्णा!" अशी हाक आली. नागोजी "ओ" द्यायला गेला, आणि थांबला. पडवीतून रवळू बाहेर आला होता.

"तू दे," नागोजी त्याला म्हणाला.

"ओ," रवळू म्हणाला. बिल हातात घेऊन त्याने वडिलांच्या नावावरून अंगठा फिरवला. कन्नड अक्षरं त्यालाही नीट येत नव्हती, पण ती ओळ कोणती हे त्याला माहीत होतं. नागोजी शेजारी उभा होता. त्याचं बोट त्याच बिलावर खाली, आकड्यांवर होतं. आकडे सगळ्या भाषांत वाचता येतात.

"तुझी गेल्या महिन्यात किती युनिटं झालीवती रं?" त्याने अगदी सहज विचारलं.

"तीनशे अठ्ठेचाळीस."

"माझी तीनशे एकाहत्तर."

रवळूने बिल डोळ्यांजवळ नेलं. मग वर आपल्या गच्चीकडे पाहिलं. पाण्याच्या टाकीची सावली दुपारनंतर त्याच्या दोन पाट्यांवर पडत होती. पत्रा मात्र दक्षिणेला उतरता, सावलीला जागाच नाही.

"तू पाट्या धुतोस काय रं?"

"न्हाय बा. पत्रा हाय, उतारावर धूळ ठरत न्हाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी सातला रवळू बादली आणि फडकं घेऊन गच्चीवर होता. नागोजीने ते परड्यातून पाहिलं, आत आला आणि पाटावर बसला.

"आज पोट बरं दिसतंय," अंबुबाई म्हणाली.

"वाढ," नागोजी म्हणाला. त्या दिवशी त्याने दोन भाकरी जास्त खाल्ल्या.